भलरीतले नाव

राजे पायी शिवारात फिरत, त्या काळची ही गोष्ट. एका राज्यात रायाजी नावाचा कवी होता. कापणी करताना माणसे जी गाणी गातात, ती भलरी तो रचत असे. त्याची भलरी सुरू झाली की विळ्यांना उसंत नसे.

पण रायाजीला चैन नव्हते. प्रत्येक भलरीच्या शेवटच्या ओळीत तो आपले नाव घाली आणि सुगी आली की ते ऐकायला बांधाबांधाने हिंडे. घरी भाकरी निवून जाई. हा कुठल्या तरी बाभळीमागे कान देऊन उभा.

एकदा ज्वारीच्या शेतात त्याचीच भलरी चालली होती. त्याची ओळ होती, ‘रायाजी म्हणे, चला गड्यांनो, सूर्याआधी जायचं!’

कापणारे मात्र गायले, ‘गेनू म्हणे, चला गड्यांनो!’ आणि खो-खो हसले.

गेनू म्हणजे सगळ्यांत मागे रेंगाळलेला गडी. तोही हसला आणि भराभर विळा चालवू लागला.

रायाजीच्या अंगाची लाही लाही झाली. कुणाला काही न विचारता तो तडक राजाकडे गेला.

“महाराज, माझ्या गाण्यात कुणाही ऐऱ्यागैऱ्याचं नाव घालतात. हुकूम काढा. माझ्या भलरीत नाव माझंच!”

“कविराज, लोक गातात, हे थोडं झालं का?”

“नाव नसेल तर गाऊन काय उपयोग?”

राजाने दवंडी पिटवली.

पुढच्या सुगीला शिवारभर ‘रायाजी म्हणे’ घुमू लागले. रायाजी या गावाहून त्या गावाला ऐकत फिरला. पण जिथे जाई तिथे त्याच्या नावाशी हसू फुटे. ते त्याला काट्यासारखे सलू लागले. शेवटी त्याने एका म्हातारीला गाठले.

“मावशी, मी रायाजी. माझ्या नावाला हसता का?”

“अगं बाई, तुम्हीच का ते!” म्हातारीचा विळा थांबला नाही. “आमची रीत हाय, बाबा. जो मागं राहील त्याचं नाव शेवटच्या ओळीत घ्यायचं. मग तो लाजतो, हसतो, अन् सगळ्यांना गाठतो. आता तुमचा हुकूम झाला. मागं कुणीबी राहू दे, नाव तुमचंच!”

तेवढ्यात वाटेवरून कुणी ओरडले, “ए रायाजी, उचल की पाय!”

रायाजी दचकून वळला. हाक त्याला नव्हती. गाडीवान अडलेल्या बैलाला बोलत होता.

रायाजी धापा टाकत राजाकडे गेला. “महाराज, हुकूम मागे घ्या!”

“आत्ता घेतो,” राजा म्हणाला. “पण लोकांच्या जिभेवर बसलेला शब्द मी कसा मागे घेऊ?”

त्या राज्यात आजही रेंगाळणाऱ्याला रायाजी म्हणतात. मूळचा रायाजी कोण, हे कुणी विचारत नाही.

नाव हुकमाने घेतले जाते. मान हुकमाने मिळत नाही.