पिठावरची पावले

सांजनाथ महाराज त्या उन्हाळ्यात नदीकाठच्या कासारडोह गावी मुक्कामाला होते. मठ नाही, शिष्यांचा लवाजमा नाही. नावेच्या उताराजवळच्या धर्मशाळेच्या ओसरीवर ते राहत, कुणी भाकरी आणून दिली तर खात, आणि नावेची वाट पाहत बसलेल्यांशी चार शब्द बोलत.

त्या उतारावर लिंबाजी कोळी जन्मभर नाव चालवीत आला होता. तो वैशाखात वारला. नवऱ्यामागे बापाच्या घरी परत आलेली त्याची मुलगी सगुणा त्या दिवशी उतारू घेऊन पैलतीराला गेली होती. वारा आडवा लागला, परतायला उशीर झाला. घरी येऊन पाहते तो बापाचा हात पाण्याच्या तांब्याकडे पसरलेला, आणि तांब्या हातभर लांब.

आपल्याकडे रीतच आहे. माणूस जिथे जीव सोडतो तिथे पीठ पसरून दिवा लावतात. सकाळी पिठात काय उमटले ते पाहतात, पक्ष्याचे नख की जनावराचा खूर, आणि गेलेला कुठल्या जन्माला गेला ते ताडतात. मग ते पीठ नदीत सोडून देतात. सगुणेच्या पिठात माणसाचेच पाऊल उमटले. रुंद, बोटे फाकलेले, नावेच्या फळीवर आयुष्य गेलेल्या माणसाचे. त्याचे तोंड तांब्याकडे होते.

सगुणेने ते पीठ नदीत सोडले नाही. त्या सांजेला तिने खोलीभर पीठ पसरले आणि तांब्या भरून ठेवला. सकाळी पावले तांब्यापर्यंत येऊन थांबलेली, आणि पाणी होते तेवढेच. मग हे रोजचेच झाले. शेजारच्या बाया आधी हात जोडून गेल्या, पुढे त्या भिऊ लागल्या.

गावात त्र्यंबकशास्त्री मोठे विद्वान. त्यांच्या शब्दाबाहेर गाव नसे. पारावर ते म्हणाले, "लिंबाजी मेला तरी फेऱ्या मारतोच आहे म्हणायचा! काय गं सगुणे, नावेच्या उतराईला पैशाऐवजी पीठ घेतो वाटतं आता?"

लोक हसले.

"का तूच उमटवतेस ती पावलं?"

"माझा पाय बघा की, शास्त्रीबुवा," सगुणा खाली पाहून म्हणाली. "केवढासा हाय."

"मग पिशाच आहे ते. पाण्यात वासना अडकलीय. उंबऱ्यात मंत्राचा खिळा ठोकला की जागच्या जागी बसेल."

सगुणा धावतच महाराजांकडे गेली. "म्हाराज, खिळा ठोकला तर आबा तिथंच अडकून पडंल. तसाच, तहानलेला."

महाराजांनी तिच्याकडे नीट पाहिले. "बाळ, आज तू पाणी प्यालीस?"

"घोटभर."

"आणि काल?"

बापाच्या मुखी पाणी पडले नाही, तेव्हापासून तिने घसा भिजण्यापुरतेच पाणी घेतले होते. हे तिने कुणाला सांगितले नव्हते.

"जा तू," महाराज म्हणाले. "सकाळी मी येतो."

शास्त्रीबुवांनी त्या संध्याकाळी कोतवालाकडून खोलीत ताजे पीठ पसरून घेतले. स्वतः कोळ्याच्या घरात ते शिरले नाहीत. दाराला आपले कुलूप घातले आणि सगुणेला शेजारी झोपायला पाठवले. सकाळी सारा गाव अंगणात जमला. कुलूप निघाले. पावले तांब्यापर्यंत गेलेली होती.

शास्त्रीबुवांचा चेहरा उतरला. "ठोक रे खिळा!" ते ओरडले. कोतवाल हातोडी टाकून मागे सरला. तेव्हा त्यांनीच ती उचलली आणि ते उंबऱ्याशी उभे राहिले.

"जरा दम धरा, बुवा," महाराज म्हणाले. "सगुणे, भिंतीकडेने जा आणि तो तांब्या उचल. पी."

"ते आबाचं पाणी हाय."

"ज्याचा देह गेला त्याला कसली तहान? तहान तुला लागली आहे. तुझा घसा कोरडा आहे तोवर लेकराला सोडून त्याचा पाय निघत नाही. रोज तो तुला पाणी दाखवायला येतो, आणि तू पीत नाहीस."

सगुणा तांब्याजवळ जाऊन थांबली. "मी प्याले तर आबा जाईल?"

"जाईल."

"मग मी काय करू, म्हाराज?"

"नाव चालवशील. दुपारी तहान लागेल. पुन्हा पाणी पिशील."

याहून गोड उत्तर महाराजांनी दिले नाही. दुःख हलके असते असे ते कधीच कुणाला सांगत नसत.

तिने तांब्या तोंडाला लावला. मध्येच हुंदका आला, तो तिने आवरला नाही. पाणी हनुवटीवरून गळ्यावर ओघळले. रडत रडत ती ते सगळे प्याली.

आणि काय सांगावे! भरल्या उजेडात, सगळ्यांच्या देखत, पिठात एक टाच वळली. एक पाऊल दाराकडे उमटले, मग दुसरे.

"शास्त्रीबुवा, वाट द्या त्याला."

शास्त्रीबुवांना हलता येईना. पावले त्यांच्या पुढ्यात येऊन थांबली. क्षणभराने त्यांच्या उघड्या खांद्यावर पिठाचा एक रुंद पंजा उमटला, नावेतून उतरणाऱ्याला आधार द्यावा तसा. पुढे अंगणातल्या धुळीत काहीच उमटले नाही.

हातोडी हातातून गळून पडली. ज्या घरात ते शिरत नव्हते, त्याच्याच उंबऱ्यावर शास्त्रीबुवा मटकन बसले.

"आईच्या अस्थी घेऊन नावेतून उतरत होतो," ते कुणाकडेही न पाहता म्हणाले. "माझा पाय लटपटला. लिंबाजीनं असाच हात ठेवला होता. म्हणाला, सावकाश, बुवा, आई कुठं जात न्हाई. आणि मी... मी घरी जाऊन आंघोळ केली. त्याचा हात लागला म्हणून."

अंगणात कुणी हसले नाही. ते उठून महाराजांच्या पायांवर वाकू लागले, तसे महाराजांनी पाय मागे घेतले आणि हात धरून त्यांना घरात नेले. शास्त्रीबुवांनी सगुणेकडे पाहिले, गुडघे टेकले आणि दाराकडे निघालेल्या त्या पावलांवर कपाळ ठेवले.

सगुणेने पदराने तोंड पुसले आणि कोपऱ्यातले वल्हे खांद्यावर घेतले.

"उठा, शास्त्रीबुवा," ती म्हणाली. "घाटावर उतारू खोळंबलेत."

पण ते बराच वेळ उठले नाहीत.