मुखवटा बांधणारा

“मग माझ्या मुखवट्यात खोट काय, ते तरी सांगा बाबा!”

हेमराजचा आवाज चढला होता. चढणारच. होळीपासून खपून त्याने सावरीच्या लाकडातून रावण कोरला होता. डोळे असे वटारलेले, की बघणाऱ्याची बोबडी वळावी.

त्याचे गुरू धर्माबाबा मुखवटा उलटा करून बघत होते. मागे नवाकोरा रबरी पट्टा होता.

“हा कशाला?”

“एकट्याला चढवता यावा म्हणून.”

बाबांनी पट्टा ताणला आणि सोडून दिला.

हेमराजला मनापासून वाईट वाटलं. गावासाठीच तर केलं होतं त्याने. बोहाड्याच्या उत्सवात देवदैत्यांचे मुखवटे चढवून सारं गाव नाचतं. रावण नाचवायचा मान वरच्या पाड्यातल्या रावजीचा, तो मुखवटा बांधायचा मान खालच्या पाड्यातल्या बुधाचा. विहिरीवरून दोन्ही पाड्यांचं फाटलं आणि तेव्हापासून रावण नाचलाच नव्हता.

“बुधाकाकाच्या नाकदुऱ्या कोण काढणार?” हेमराज म्हणाला. “आता त्याची गरजच नाही.”

बाबांनी पटाशी उचलली, पट्टा कापून टाकला. त्या जागी जुन्या लुगड्याच्या दोन लांब नाड्या ओवल्या.

हेमराजने पट्ट्याचा तुकडा उचलला. म्हणजे यंदाही रावण नाही!

दुपारी देवळासमोर तालीम होती. संबळ वाजू लागला. रावजी जड मुखवटा दोन्ही हातांनी तोंडावर धरून उभा राहिला. हातच अडकलेले, नाचणार कसा? बुधा पलीकडे चिंचेखाली बसून भलतीकडेच बघत होता.

संबळ वाजतोय... रावजी उभाच...

हेमराज पुढे निघाला. बाबांनी त्याचा दंड धरला.

शेवटी बुधा उठला. वहाणा काढल्या. रावजीच्या पाठीमागे जाऊन नाड्या ओढल्या, गाठ मारली.

“घट्ट झालं का?”

मुखवट्याआडून रावजीचा आवाज आला.

“जरा सैल कर, दादा. कान दुखतोय.”

रावण नाचू लागला. दोन्ही पाड्यांतली माणसं हळूहळू पुढे सरकली. पण कारागिराचं मन, हेमराजची शंका काही जाईना.

“बाबा, नाचताना गाठ सुटली तर?”

“सुटंलच,” धर्माबाबा म्हणाले. “म्हणून तर बांधणारा घरी जात नाही.”