खिंडीतली शिटी

आमच्या धामणखेडातून छोटी आगगाडी जायची, त्या काळापासून ही गोष्ट सुरू होते. बसा नीट, आणि मध्ये बोलू नका.

गावाबाहेर डोंगर कापून केलेली एक खिंड आहे. तिथं ना फाटक, ना स्टेशन. तरी प्रत्येक ड्रायव्हर खिंडीत शिरताना लांब शिटी द्यायचा. का, ते कुणालाच ठाऊक नव्हतं.

त्याच गावात दशरथ उमाळे जन्मला. शाळेत मास्तर झाला, पण जीव सगळा रेल्वेत. सुट्टी लागली की रुळांच्या कडेनं चालत सुटायचा आणि गावोगावच्या म्हाताऱ्यांना बोलतं करायचा. रुळाला कान लावून रूळ किती जुना ते सांगायचा, असं म्हणतात. लोक त्याला रूळगुरुजी म्हणू लागले. त्यानं आमच्या गाडीचा इतिहास लिहिला. एवढ्याशा गाडीवर एवढं जाड पुस्तक दुसऱ्या कुठल्या गावाकडे आहे, दाखवा मला.

पण त्यात एक चूक झाली. गुरुजींनी लिहिलं, खिंडीत वाघ असायचा, त्याला पळवायला शिटी. गाव वाघावर खूश होतं, आणि गुरुजीही.

मग एका सर्वपित्रीला त्यांनी रेणकाबाई वानखडेला खिंडीत पाहिलं. घरोघर पितरांचा घास कावळ्यासाठी छपरावर ठेवतात. ही म्हातारी तो रुळावर ठेवत होती.

गुरुजींनी विचारलं, "बाई, घास रुळावर काऊन ठेवता?"

"सासू ठेवे, मग मले बी ठेवाच लागते," ती म्हणाली. "आजेसासरा खिंड खोदाले गेला. डोंगर आला अंगावर. मढं सापडलंच नाही. मंग घास कुठं ठेवावा? जिथं तो हाय, तिथंच."

"नाव काय त्याचं?"

"सोनबा."

गुरुजी तिथंच खाली बसले. त्यांना शिटी कळली. वाघ नव्हताच. पहिल्या ड्रायव्हरनं डोंगराखाली गाडल्या गेलेल्या माणसांना सांगितलं होतं, तुमची गाडी चालू झाली बरं. बाकीच्यांनी नुसती शिटी पुढे चालवली, तिच्यामागचं कारण विसरून गेलं. रेल्वे कंपनीच्या दप्तरात तर लिहिलं होतं, काम सुखरूप पार पडलं.

गुरुजींनी विकलेली पुस्तकं घरोघर फिरून परत मागितली आणि वाघाचं पान आपल्या हातानं फाडलं. लाजले नाहीत. मग रुळावर घास ठेवणारं एकेक घर शोधलं आणि नावं गोळा केली. सोनबा, उकंडा, लाडकू, झिबल, आणि आणखी कितीतरी. सगळी त्यांना तोंडपाठ झाली.

पुढे गाडी बंद पडली, रूळ उखडून नेले. एके दिवशी मुरमासाठी डोंगर फोडायला यंत्र आलं. ठेकेदार म्हणाला, "कागदावर इथं काही नाही."

गुरुजी तेव्हा थकलेले होते. काठी टेकत ते यंत्रापुढे जाऊन उभे राहिले. भांडले नाहीत. एकेक नाव मोठ्यानं घेऊ लागले. मागे उभ्या बायामाणसांना आपापल्या घरातलं नाव ऐकू आलं, तशी तीही पुढे सरकली. शेवटचं नाव झालं आणि खिंडीतून लांब शिटी आली. रूळ नव्हते, इंजिन नव्हतं, तरी शिटी आली, असं म्हणतात. ज्यांनी ऐकली त्यांच्या डोळ्यांना धार लागली होती.

यंत्रावरचा माणूस खाली उतरला. म्हणाला, "साहेब, खाली मानसं हायेत. मी हात लावनार नाही." त्यानं चावी ठेकेदाराच्या हातात दिली आणि तो गावात जेवायला आला. ठेकेदार दुसरा माणूस शोधत फिरला, पण एकही तयार होईना. डोंगर तसाच राहिला. जाऊन बघा.

आता रुळांच्या जागी डांबरी रस्ता आहे. गुरुजीही गेले. सर्वपित्रीला गावातलं प्रत्येक घर खिंडीत घास ठेवतं, ज्यांचं तिथं कुणी गेलं नाही तेही. आणि एसटी असो की वरातीची जीप, खिंडीत शिरताना हॉर्न वाजतोच. नव्या ड्रायव्हरला का म्हणून विचारा. आधीचा वाजवायचा म्हणून, असं तो सांगणार नाही. तो नावं सांगेल. सोनबापासून सुरू करेल, आणि सगळ्यांत शेवटी म्हणेल, दशरथ उमाळे.