अजून नऊ यायचेत

बगदादचे साळेहशेठ दुपारी कोकणातल्या एका बंदरावर उतरले, तेव्हा बेने इस्राएल या तिथल्या यहुदी समाजातल्या हसाजी तेल्याच्या बायकोने, राहेलबाईने, त्यांच्यापुढे पाण्याचा तांब्या धरला. तिचं नऊवारी लुगडं बघून शेठनी तांब्याला हातही लावला नाही. "शनिवारी घाणा बंद ठेवला म्हणून कोणी यहुदी होत नाही. या गावात यहुदी मी एकटाच," असं ते सगळ्यांदेखत म्हणाले.

त्याच दिवशी त्यांच्या वडिलांची पुण्यतिथी होती. त्यांच्या नावाची प्रार्थना सूर्य मावळायच्या आत व्हायला हवी होती, आणि तिला दहा यहुदी पुरुष लागतात. शेठ धावतपळत प्रार्थनाघरात आले. हसाजी आणि त्याच्या समाजातले आठ पुरुष तिथे बसलेलेच होते.

"माझ्यासकट दहा झाले. सुरू करा, ऊन चाललं."

हसाजी जागचा हलला नाही. "अजून नऊ यायचेत, शेठ."

"मग हे नऊ कोण?"

"ते तुम्हीच सांगायचं. आम्ही यहुदी नसलो तर तुम्ही एकटे. असलो तर प्रार्थनेआधी हात धुवायला पाणी तयार आहे."

दारात राहेलबाई तोच तांब्या घेऊन उभी होती. भिंतीवर वीतभर ऊन उरलं होतं.

शेठनी दोन्ही हात पुढे केले.