टिमकी उंदरी आणि कापसाचा बोळा

कपाशीचं शेत होतं. शेताला बांध होता. बांधाखाली बीळ होतं. आणि त्या बिळात राहायची टिमकी उंदरी.

टिमकी एवढीशी, अंगठ्याएवढी. शेपूट मात्र अंगाहून लांब.

टिमकीच्या आईला बाळं झाली. एक नाही, दोन नाही, सात बाळं. गुलाबी गुलाबी, अंगावर एकही केस नाही. थंडीचे दिवस होते. बाळं कुडकुडायला लागली. कुडकुड कुडकुड, कुडकुड कुडकुड. मग आईच त्यांचं पांघरूण झाली. ती उठली, की बाळं गारठायची. म्हणून आई उठेच ना. सकाळपासून तिनं एक दाणासुद्धा खाल्ला नव्हता.

टिमकी म्हणाली, "आई, मी कापूस आणते. बाळांना मऊ गादी करू. मग तू ऊठ आणि पोटभर जेव."

टिमकी निघाली. तुरुतुरु, तुरुतुरु. कपाशीच्या झाडावर चढली. वेचणी होऊन गेली होती, शेतात एकच पांढराशुभ्र बोळा उरला होता, तो तिनं ओढला. तोंडात धरला आणि खाली उतरली. बोळा टिमकीहून मोठा. तिला पुढचं काही दिसेना.

तेवढ्यात आला वारा. भुर्रर्र. बोळा सुटला, उडाला, गरगर गरगर फिरला आणि बांधावरच्या बोरीच्या काट्यात जाऊन अडकला.

टिमकी बोरीवर चढायला गेली. टुच. नाकाला काटा टोचला. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. पण रडत बसायला वेळ कुठे होता? तिनं नाक पुसलं आणि वर पाहिलं.

"बोरीताई, बोरीताई, ऐक ना.
बोरी वाकली, की कापूस सुटेल.
कापूस सुटला, की बाळं निजतील."

बोरी म्हणाली, "मी नाही वाकणार."

का नाही? एक शेळी तिचा पाला ओरबाडून खात होती. म्हणून बोरीनं फांद्या उंच उंच धरल्या होत्या. आधी शेळी बाजूला सरू दे, मग वाकेन, असं तिचं म्हणणं.

टिमकी गेली शेळीकडे. तुरुतुरु, तुरुतुरु.

"शेळीताई, शेळीताई, ऐक ना.
शेळी सरली, की बोरी वाकेल.
बोरी वाकली, की कापूस सुटेल.
कापूस सुटला, की बाळं निजतील."

शेळी म्हणाली, "मी नाही सरणार. बेंऽऽ."

तिच्या पोटात भूक होती. काटे काय तिला आवडत होते? जीभ सोलून निघाली होती. पण तिच्या मालकिणीनं, कौतिकाकाकूंनी, आज चाराच घातला नव्हता. चारा येऊ दे, मग सरेन, म्हणाली.

टिमकी गेली कौतिकाकाकूंकडे. तुरुतुरु, तुरुतुरु. काकू दारात बसल्या होत्या. मांडीवर विळा, कपाळावर आठी.

"काकू, काकू, ऐका ना.
चारा आला, की शेळी सरेल.
शेळी सरली, की बोरी वाकेल.
बोरी वाकली, की कापूस सुटेल.
कापूस सुटला, की बाळं निजतील."

काकू म्हणाल्या, "कसा आणू चारा? विळा बघ माझा."

विळा बोथट झाला होता. गवत कापलं जात नव्हतं, नुसतं दुमडत होतं. लोहाराकडून धार लागली, तरच चारा निघणार होता.

टिमकी गेली सुपडू लोहाराकडे. नाली ओलांडली, बैलगाडीखालून गेली. तुरुतुरु, तुरुतुरु. धापा टाकत पोहोचली आणि घाईघाईत बोलायला लागली.

"लोहारदादा, लोहारदादा, ऐका ना.
धार लागली, की बोरी सरेल.
बोरी सरली, की शेळी सुटेल..."

सुपडूदादा हसायला लागले. बोरी कुठे सरेल, म्हणाले. टिमकी लाजली. तिनं मोठ्ठा श्वास घेतला. मिशा नीट केल्या. पुन्हा पहिल्यापासून सांगितलं.

"लोहारदादा, लोहारदादा, ऐका ना.
धार लागली, की चारा येईल.
चारा आला, की शेळी सरेल.
शेळी सरली, की बोरी वाकेल.
बोरी वाकली, की कापूस सुटेल.
कापूस सुटला, की बाळं निजतील."

"आता बरोबर," सुपडूदादा म्हणाले. "पण भट्टी विझलीय गं."

त्यांनी भाता दाबून दाखवला. फुस्स. भाता फाटला होता. सगळा वारा भोकातून पळून जात होता. वारा नाही तर आग नाही, आग नाही तर धार नाही. मोचीबाबांनी भाता शिवून दिला, तरच काम होणार होतं.

टिमकी गेली मोचीबाबांकडे. तुरुतुरु, तुरुतुरु. त्यांचं नाव उखाजीबाबा. ते ओट्यावर बसले होते. टिमकीला पाहिलं आणि त्यांनी चप्पलच उचलली.

"परवा माझं चामडं कुणी कुरतडलं?" बाबांनी विचारलं.

टिमकीनं चपलेकडे पाहिलं. पळावंसं वाटलं. पण बिळात आई उपाशी होती. टिमकी जागेवरच उभी राहिली.

"आमच्यापैकीच कुणीतरी असेल, बाबा," ती म्हणाली. "आमचे दात सारखे वाढतात. कुरतडलं नाही, तर तोंडात मावत नाहीत. पण तुमचं चामडं मी पुन्हा कुणाला कुरतडू देणार नाही. लाकूड कुरतडायला सांगेन."

उखाजीबाबांनी चप्पल खाली ठेवली. कशाला आलीस, असं विचारलं.

"मोचीबाबा, मोचीबाबा, ऐका ना.
भाता शिवला, की धार लागेल.
धार लागली, की चारा येईल.
चारा आला, की शेळी सरेल.
शेळी सरली, की बोरी वाकेल.
बोरी वाकली, की कापूस सुटेल.
कापूस सुटला, की बाळं निजतील."

बाबांनी सगळं ऐकून घेतलं. मग मान हलवली. चामड्याला भोकं पाडायची त्यांची आरी हरवली होती. हरवली म्हणजे काय, ओट्याच्या फटीत पडली होती. बाबांनी हात घालून पाहिला. हात जाईना. काठी घालून पाहिली. काठीला लागेना. आरी मिळाल्याशिवाय भाता शिवायचा कसा?

आता कुणाकडे जायचं? टिमकीनं इकडे पाहिलं. तिकडे पाहिलं. मग फटीकडे पाहिलं. फट अगदी बारीक होती. तिनं फटीत नाक घातलं. मिशा या बाजूला टेकल्या नाहीत, त्या बाजूला टेकल्या नाहीत. मिशा मावल्या, म्हणजे टिमकी मावणार.

"बाबा, मीच जाते," ती म्हणाली.

आत काळोख होता. काही दिसेना. टिमकीनं मिशांनी चाचपलं.

हे काय? खडा.

हे काय? वाळलेलं पान.

हे काय? गोल गोल, गुळगुळीत. ही तर आरीची लाकडी मूठ.

टिमकीनं मूठ दातांत पकडली. ओढली. खर्र. जरा हलली. पुन्हा ओढली. खर्र खर्र. नाकात धूळ गेली. आक्छी. मूठ सुटली. पुन्हा पकडली. मागे मागे सरकत, ओढत ओढत, आधी बाहेर आली शेपूट, मग आली टिमकी, मग आली आरी.

उखाजीबाबांनी आरी उचलली. मग बोटानं हळूच टिमकीच्या पाठीवरची धूळ झटकली. आणि झटकन उठले.

आरी मिळाली. बाबांनी भाता शिवला. टुच टुच, सर्र सर्र.

भाता शिवला. लोहारदादांनी भट्टी पेटवली. भस्स भस्स. काकूंनी आणलेला विळा तापवला, ठोकला, घासला. ठण ठण, खस खस.

धार लागली. कौतिकाकाकूंनी चारा कापला. कचाकच, कचाकच.

चारा आला. शेळी सरली. बेंऽऽ, चराचरा.

शेळी सरली. बोरीनं सुस्कारा सोडला आणि फांदी खाली आणली. हळू हळू, हळू हळू, अगदी टिमकीच्या नाकापर्यंत.

बोरी वाकली. कापूस सुटला.

या वेळी टिमकीनं बोळा पुढे नाही धरला. पाठ फिरवली आणि उलट्या पावलांनी ओढत नेला. वारा आला. भुर्रर्र. टिमकीनं दात घट्ट दाबले. वारा गेला.

ऊन कलायला लागलं होतं, तेव्हा ती बिळात पोहोचली. तिनं कापूस पिंजला. इथे पसरला, तिथे दाबला, मधे खळगा केला. आईनं एकेक बाळ उचलून खळग्यात ठेवलं. वरून कापूस ओढला. कुडकुड थांबली. बाळं निजली.

मग आई उठली. पाय ताठले होते, ते ताणले. बिळाबाहेर गेली. ज्वारीचे दाणे खाल्ले, एक हिरवं पान खाल्लं, घोटभर पाणी प्यायली. पोट भरलं. टिमकीसाठी एक टपोरा दाणा तोंडात धरला आणि ती परत आली.

"टिमके, हा घे," आई म्हणाली.

पण टिमकी कुठे दिसेना.

आईनं गादीकडे पाहिलं. कापसाबाहेर शेपट्या तेवढ्या दिसत होत्या. आईनं मोजल्या. एक, दोन, तीन, चार, पाच, सहा, सात.

आणि एक लांब. आठ.

आईनं दाणा उशाशी ठेवला. लांब शेपूट हळूच कापसात सारली. आणि सगळ्यांना बिलगून तीही निजली.