पांढरपेशे रोप

एकदा एका सावलीच्या बागेत एक रोप उपासमारीने मरू लागले, आणि त्याला उपाशी मारणारा माणूसच त्याला तळहाताच्या फोडाप्रमाणे जपत होता.

बाग होती थंड हवेच्या एका डोंगरगावात, एका वृद्ध माळ्याची. सगळे त्यांना आबा म्हणत. त्यांचे शिष्य नीळकंठ गुरुजी हे गावच्या शाळेचे मुख्याध्यापक. शाळेत ते गुरुजी आणि बागेत शिष्य. पण आबाही त्यांना गुरुजीच म्हणत, त्यामुळे इथे कोण कोणाचा गुरू हे परक्याच्या चटकन ध्यानात येत नसे. इस्त्रीचा पांढरा सदरा घालून मातीत हात घालणारा पंचक्रोशीत हा एवढा एकच माणूस होता.

होस्टा हे सावलीत वाढणारे विलायती रोप. आबांच्या होस्ट्याची पाने फुटताना दुधासारखी पांढरी असत आणि दिवस जातील तशी त्यांतल्या काहींवर हिरवी झाक चढे. दोन महिन्यांसाठी लेकीकडे निघताना आबांनी कुंडी गुरुजींच्या हवाली केली आणि पाणी बेताने घाला, बाकी त्याचे त्याला कळते, एवढेच सांगितले.

गुरुजींनी मात्र मनाशी ठरवले होते की, येत्या पुष्पप्रदर्शनात असे निष्कलंक शुभ्र रोप मांडायचे की तालुक्याने पाहत राहावे. पानावर हिरवा ठिपका दिसला रे दिसला, की ते पान खुडून टाकू लागले. रोप खंगले तेव्हा त्यांनी खत वाढवले. पानांच्या कडा करपल्या तेव्हा वर गोणपाट बांधून सावली आणखी दाट केली. नवी पाने येत होती, पण प्रत्येक खेपेला अधिक छोटी आणि कागदासारखी पातळ.

प्रदर्शन पाहायला गुरुजींच्या थोरल्या बहिणीला, गोदाताईला, यायचे होते. खालच्या गावात तिचे मिरची कांडप होते. आईवडील गेल्यावर तिने मसाले कुटून या भावाला शिकवले. तिच्या लुगड्याला तिखटाचा असा वास, की शेजारी बसलेला माणूस शिंकणारच. गुरुजींनी तिला निरोप धाडला की, गर्दी फार असते, तुला झेपायची नाही. खरे कारण त्या शिंका होत्या, आणि ते दोघांनाही ठाऊक होते.

प्रदर्शनाच्या आदल्या सकाळी आबा परतले. त्यांनी कुंडी न्याहाळली, गोणपाट सोडले आणि कात्री मागितली. मग एकेक करत सगळी पांढरी पाने कापून टाकली. तळाशी, गुरुजींच्या नजरेतून सुटलेले, अर्धेमुर्धे हिरवे असे एकच पान उरले. कुंडी त्यांनी सकाळचे कोवळे ऊन येते त्या पायरीवर ठेवली.

दोन महिन्यांची मेहनत आपण मातीत घातलीत, असे गुरुजी कसेबसे म्हणाले.

आबा पायरीवर बसले. "गुरुजी, झाडाची चूल हिरव्या पानात असते. पांढऱ्या पानाला चूल नाही, ते पंगतीला बसलेलं. पांढरपेशा म्हणा ना. त्यात वाईट काही नाही, पंगतीची शोभा त्याचीच. पण राबणाऱ्या पानाला तुम्ही डाग समजलात आणि खुडलंत. म्हणजे पंगत बसवली आणि स्वयंपाकघराला कुलूप लावलं. आता हे एकटं पान इतक्यांना कुठून वाढणार? म्हणून पंगत उठवली. त्याला जोर धरू द्या. पांढरी पानं पुन्हा येतील, ती खात्री माझी."

गुरुजींची नजर आपल्या सदऱ्याच्या बाहीवर गेली आणि तिथेच खिळली. या सदऱ्याची चूल कुठे पेटत होती, हे त्यांना कोणी सांगायची गरज उरली नव्हती. स्वतःची अशी लाज त्यांना आयुष्यात पहिल्यांदा वाटली. दुपारच्या गाडीने ते खालच्या गावी गेले. बहिणीला काय सांगायचे ते वाटेत पुष्कळ घोकले होते. प्रत्यक्षात, ताई, उद्या तुला माझ्याबरोबर यायचं आहे, एवढेच तोंडून निघाले. गोदाताईने हात धुतले आणि दुकानाची किल्ली शेजारणीकडे दिली.

दुसऱ्या दिवशी प्रदर्शनात एका पानाची ती कुंडी पाहून लोक हसले. परीक्षक जवळ आले, काही विचारणार तोच त्यांना सटासट तीन शिंका आल्या. गोदाताई पदर सावरत मागे सरकू लागली. गुरुजींनी तिचा हात धरून तिला पुढे घेतले.

"ही माझी थोरली बहीण," ते खणखणीत आवाजात म्हणाले. "कांडप चालवते. मी शिकलो तो हिच्या मुसळावर."

परीक्षकांनी रुमालाने नाक पुसले आणि गोदाताईला नमस्कार केला. बक्षीस दुसऱ्याच कुंडीला मिळाले. पुढच्या वर्षी त्या रोपाला अकरा पाने आली, त्यांतली चार हिरवी, आणि गुरुजींनी त्यांना हात लावला नाही.