पिंजऱ्याची कडी

बापाला पकडून नेलं, तर घरट्यातल्या पिलांनी कुणाकडं बघून चोच उघडायची, सांगा बरं?

चांगुणेच्या घराच्या धाब्यावर, म्हणजे मातीच्या सपाट छपरावर, असलेल्या खुराड्यात कबुतराची दोन पिलं होती. आईला ससाण्यानं नेलेलं. आता भरवणारा एकटा बाप, तोही जहागीरदार सर्जेरावांच्या गच्चीवर दाणे टिपायला उतरला आणि त्यांच्या जाळ्यात सापडून पिंजऱ्यात बंद झाला. दिवस मावळायला आला, तशी चांगुणा धावतच त्यांच्या गढीवर गेली आणि कबुतर परत मागू लागली.

"कबुतरबाजांचा रिवाज ठाऊक नाही का गं तुला?" मिशीला पीळ देत सर्जेराव म्हणाले. "ज्याच्या गच्चीवर पाखरू उतरलं, त्याचंच ते! पुन्हा तोंड उघडलंस तर तुझं खुराडंच मोडून टाकीन."

सदरेवरची माणसं खाली बघू लागली. पण पिलांच्या उघड्या चोची चांगुणेच्या डोळ्यांपुढून हलेनात.

"रिवाज मान्य आहे, सरकार," ती म्हणाली. "पाखरू तुमचंच. मग पिंजऱ्याला कडी कशाला? आपलं पाखरू मोकळं सोडलं तरी आपल्याच गच्चीवर उतरतं. कडी लावावी लागते ती दुसऱ्याच्या पाखराला."

मागं कुणीतरी फिसकन हसलं. सर्जेरावांचे कान लाल झाले.

"काढा रे ती कडी!" ते गरजले. "उजाडल्यावर हे कुणाच्या गच्चीवर उतरतं ते सारा गाव बघेल. माझ्या गच्चीवर उतरलं, तर तुझं खुराडं गेलंच म्हणून समज!"

चांगुणेनं हात जोडले आणि ती पिलांपाशी येऊन बसली.

दुसऱ्या दिवशी सकाळी कबुतर चांगुणेच्या धाब्यावर उतरलं आणि त्यानं दोन्ही पिलांना भरवलं.